धबधब्याला नटबोल्ट

वाट दाखवायला माणूस घ्यायची काही गरज नाही, असं कानसाहेबांनी जंगलात पाऊल टाकण्याआधीच जाहीर करून टाकलं होतं. जिथे पाणी तिथे त्यांचा कान, आणि जिथे त्यांचा कान तिथे दुसऱ्या कुणाचं काम नाही!

आता हा कान साधासुधा नव्हता, हे मान्य केलंच पाहिजे. शहराच्या पाणीपुरवठा खात्यात कानसाहेब चोवीस वर्षं गळती शोधत होते. तळमजल्यावरच्या त्यांच्या खोलीत कागद उडू नयेत म्हणून टेबलावर एक गंजका व्हॉल्व्ह ठेवलेला, भिंतीवर शहरातल्या झाडून सगळ्या पाइपांचा नकाशा, आणि कोपऱ्यात ती सळई. चार फुटी लोखंडी सळई, वरच्या टोकाला पितळी वाटी. सळई रस्त्यावर टेकवायची, वाटीला कान लावायचा, डोळे मिटायचे आणि शांतपणे म्हणायचं, "इथे खणा." मजूर खणायचे आणि खाली फुटका पाइप निघायचा. नाव काहीही असो, सगळं खातं त्यांना कानसाहेब म्हणायचं आणि त्यांनाही ते आवडायचं.

हा कान सुट्टी घेत नाही, एवढाच बायकोला त्याचा जाच होता. कुणाकडे जेवायला गेलं तर हे दुसऱ्या घासाला उठून न्हाणीघरातला नळ घट्ट करून येणार. लग्नानंतर पहिल्यांदा समुद्रावर गेले, तेव्हा लाटांकडे पाठ करून लॉजच्या टाकीखाली दोन तास बसले होते. बायकोने तो समुद्र एकटीने बघितला.

बायको शाळेत भूगोल शिकवायची. एकोणीस वर्षं ती दर वर्षी फळ्यावर खडूने धबधबा काढत होती. वर सपाट खडक, मध्ये उभ्या रेघा, खाली डोह. आणि दर वर्षी वर्गातलं एखादं पोर उभं राहून विचारायचं, "बाई, तुम्ही खरा बघितलाय?" बाई म्हणायच्या, "पुढचं पान उघडा." या वर्षी मात्र तिने पान उघडायला सांगितलं नाही. ती घरी आली, पर्स टेबलावर ठेवली आणि म्हणाली, "अहो, मला धबधबा बघायचाय. खरा. आणि तुम्ही त्याच्यात काही दुरुस्त करणार नाही आहात."

तर असा हा बेत. सोबत साडूही आले, कारण मेहुणीचा गुडघा दुखत होता आणि तिला दोन दिवस शांतपणे घरी एकटीने राहायचं होतं. साडूंचं औषधांचं दुकान. त्यांनी पाठीवर अर्धं दुकान आणलं होतं. जळवांचं मलम, पोटाच्या गोळ्या, पट्ट्या, कापूस, आणि ज्याला कुठलाच आजार लागू होत नाही असं एक गुलाबी सरबत. स्वभावाने मात्र अगदी गरीब. जो ठासून बोलेल तो त्यांना खरा वाटायचा.

पहिला दिवस पावसात गेला. उरला दुसरा, आणि तिसऱ्या दिवशी सकाळीच परतीची बस. त्यामुळे त्या सकाळी नाक्यावर गाईडबाई भेटल्या, तेव्हा बायकोने नवऱ्याला कोपराने ढोसून गप्प केलं. गाईडबाई पन्नाशीच्या, उंचीने कानसाहेबांच्या खांद्याला, पायात रबरी बूट आणि हातात काठी. बोलणं मोजकं.

"दुपारनंतर वर ढग भरतात आणि ओढा चढतो. एक वाजता मी तिथून माणसं उठवते. त्याआधी पोचलो तर दिसेल, नाहीतर नाही. चला."

चालणं सुरू झालं आणि अर्ध्या तासात कानसाहेबांना पाण्याचा आवाज आला. डावीकडून, स्पष्ट. गाईडबाई उजवीकडे वळल्या.

"अहो बाई, पाणी तिकडे आहे."

"आवाज तिकडे आहे," गाईडबाई मागे न बघता म्हणाल्या. "पाणी इकडे आहे. समोरच्या कड्यावर आपटून आवाज परत येतो. इथे आवाज आला की त्याला पाठ करून चालायचं. माझ्या आईनं शिकवलंय."

कानसाहेबांनी साडूंकडे असं बघितलं, जणू त्यांच्या चोवीस वर्षांच्या नोकरीवर कुणी चहा सांडला. पण बायकोचं कोपर जवळच होतं. ते चालत राहिले. चिडले होते, तरी एक गोष्ट त्यांच्या लक्षात आल्याशिवाय राहिली नाही. या बाई ओल्या दगडावर पाय ठेवायच्या तेव्हा दगड हलायचा नाही, आणि त्याच दगडावर साडूंनी पाय ठेवला की दगड, साडू आणि गुलाबी सरबत तिन्ही हलायची.

साडेदहाला एका अवाढव्य झाडापाशी गाईडबाईंनी सगळ्यांना बसवलं. पुढे ओढ्यावर आडवं टाकलेलं लाकूड होतं, कालच्या पावसात ते सरकलं असेल तर नीट करायला हवं होतं. "वीस मिनिटांत येते. इथून हलायचं नाही," असं बजावून त्या झाडीत दिसेनाशा झाल्या.

कानसाहेब पाच मिनिटं हलले नाहीत. मग त्यांनी आपली चालायची काठी उचलली. बायकोला इतका वेळ ती काठीच वाटली होती. त्यांनी तिच्यावरचं फडकं सोडलं आणि खालून पितळी वाटी चमकली.

"तुम्ही ती आणलीत," बायको म्हणाली.

"ऐकायला काय हरकत आहे?" सळई जमिनीवर टेकली, कान वाटीला लागला, डोळे मिटले. हळूहळू चेहऱ्यावर ते खात्यातलं हसू पसरलं. "अगं, हे काही कड्यावरून परत आलेलं नाही. हे जमिनीतून येतंय. जमीन कशी खोटं बोलेल? खाली, डावीकडे, चारशे पावलं. पाण्याला जोर आहे. आपण असे खाली उतरलो तर तुला धबधब्यापाशी तासभर जास्त मिळेल."

या शेवटच्या वाक्यात लबाडी नव्हती, हेही सांगायला हवं. ते त्यांना मनापासून वाटत होतं. समुद्राच्या वेळचे ते दोन तास त्यांना कुठेतरी परत करायचे होते.

"साहेब म्हणतायत तर असणार," साडू म्हणाले आणि उठलेसुद्धा.

"गाईडबाईंनी हलू नका म्हणून सांगितलंय," बायको म्हणाली. पण दोघे पुरुष एव्हाना झुडपात शिरले होते, आणि या दोन शहाण्यांना जंगलात मोकळं सोडणं तिला बरं दिसेना. तीही निघाली.

उतरण कसली, घसरगुंडीच ती! पहिली शंभर पावलं ते चालले, दुसरी शंभर बसून गेले. साडूंच्या पोतडीचं तोंड उघडलं आणि वाटेवर गोळ्यांची पाकिटं पडत गेली. जळवांनी मलम न बघता साडूंनाच पसंती दिली. कानसाहेबांना कशाचं भान नव्हतं. दर वीस पावलांवर सळई, वाटी, कान. "जवळ आलं." परत सळई. "अगदी जवळ." आणि खरंच, समोरच्या दाट झुडपामागून सूं सूं असा आवाज यायला लागला, गार तुषार तोंडावर आले, आणि पानांच्या फटीतून उन्हात चमकणारं पाणी दिसलं.

कानसाहेबांनी नाटकात पडदा सारतात तशी फांदी बाजूला केली. "घे. तुझा धबधबा."

बायको पुढे झाली. शेवाळलेल्या दगडांमधून एक जुना लोखंडी पाइप खालच्या वनविभागाच्या विश्रामगृहाकडे गेला होता. त्याच्या जॉइंटमधून पाण्याची पुरुषभर उंच चिळकांडी उडत होती.

तिने जॉइंटवरचे नट एकेक करून मोजले.

"एकोणीस वर्षं मुलांना शिकवतेय," शेवटी ती म्हणाली. "धबधब्याला नटबोल्ट असतात, हे मला माहीत नव्हतं."

इथे शहाण्या माणसाने हात जोडले असते आणि वर चढायला सुरुवात केली असती. सव्वाअकरा झाले होते, अजून वेळ होता. पण कानसाहेबांसमोर पाणी वाया जात होतं. त्यांचे हात शिवशिवायला लागले. "दोन मिनिटं फक्त," असं म्हणत त्यांनी सळई पान्यासारखी अडकवून एक नट आवळला. नट तीस वर्षांचा होता, त्याला ही घाई सोसली नाही. तो तुटून उडाला आणि चिळकांडीच्या जागी लोंढा आला.

"पट्टी!" कानसाहेब ओरडले. साडूंनी पट्टी दिली, ती वाहून गेली. कापूस दिला, तोही गेला. घाबरून त्यांनी गुलाबी सरबताची बाटलीही पुढे केली. शेवटी कानसाहेबांनी आपला रेनकोट जॉइंटभोवती गुंडाळला आणि पाइपाला दोन्ही हातांनी मिठी मारली. लोंढा थांबला. पण मिठी सोडली की सुरू. म्हणजे सोडायची सोय नाही.

"आता?" बायकोने विचारलं.

"आता कुणीतरी खाली जाऊन विश्रामगृहातून माणूस आणायला हवा. तासाभराचं काम."

बायकोने घड्याळ बघितलं. ती रागावली असती तर बरं झालं असतं. ती नुसती एका दगडावर बसली आणि पदराने चष्मा पुसायला लागली. पाइपाला मिठी मारलेल्या माणसाला त्या वेळी जे वाटलं ते खात्याच्या कुठल्याही अहवालात लिहिता येणार नाही. पुन्हा तेच केलं आपण, एवढंच त्यांच्या डोक्यात फिरत होतं.

तेवढ्यात वरून काठीचा टकटक आवाज आला. गाईडबाई उतरत होत्या. त्यांच्या ओच्यात वाटेवर सांडलेली गोळ्यांची सगळी पाकिटं नीट गोळा केलेली होती.

त्यांनी पाइप बघितला, मिठी बघितली, बायकोचा चेहरा बघितला. रागावल्या नाहीत. दहा पावलं वर गेल्या, काठीने पालापाचोळा सारला आणि खालची लोखंडी चक्री दोन हातांनी फिरवली. पाणी बंद झालं.

आधी व्हॉल्व्ह बंद करा, मग पाइपाला हात लावा. पाणीपुरवठा खात्यात पहिल्या दिवशी हेच शिकवतात. कानसाहेब हे स्वतः शिकवायचे.

"सोडा आता, साहेब," गाईडबाई म्हणाल्या. मग पाइपाकडे बघून त्या जराशा हसल्या. "दोन महिने झाले, खालच्या स्वयंपाकघरात पाणी कमी येतंय. चार माणसं शोधून दमली. तुम्हाला एका सकाळीत सापडलं. कान मोठा आहे तुमचा. पण तो पाइपाचा आहे."

कानसाहेबांना आयुष्यात इतकं नेमकं प्रशस्तिपत्र मिळालं नव्हतं. त्यांनी मान खाली घालून ते स्वीकारलं.

"बाई, आता पोचता येईल का हो?" बायकोने विचारलं. तिचा आवाज अगदी वर्गातल्या पोरासारखा झाला होता.

गाईडबाईंनी झाडांच्या शेंड्यांकडे पाहिलं. "एक वाट आहे. चढ आहे, आणि मी म्हणेन तिथेच पाय ठेवायचा. आणि साहेबांनी ऐकायचं नाही." त्यांनी साडूंच्या पोतडीत उरलेला कापूस काढला आणि स्वतःच्या हाताने कानसाहेबांच्या दोन्ही कानांत घट्ट बसवला. सळई काढून घेतली. चोवीस वर्षांत ती दुसऱ्या कुणाच्या हातात गेली नव्हती. कानसाहेबांनी मुकाट दिली.

मग त्या बाईंनी काय नेलं म्हणता! जिथे वाट नव्हती तिथे त्या पाय ठेवायच्या आणि वाट व्हायची. साडूंना कमरेला धरून चढवलं, बायकोला हाताला धरून, आणि कानसाहेबांना नुसत्या नजरेने. कानात कापूस असल्यामुळे त्यांना पहिल्यांदाच नुसतं बघत चालावं लागलं. पुढे बायकोची पाठ होती. ती चढताना लहान मुलीसारखी पावलं मोजत होती. हे त्यांनी याआधी कधी पाहिलं नव्हतं.

साडेबाराला गाईडबाई एका खडकाला वळसा घालून थांबल्या आणि बाजूला सरल्या.

समोर धबधबा होता. वर आभाळात सुरू होऊन खाली डोहात संपणारा, मध्ये कुठेच न थांबणारा. इतकं पांढरं, इतकं पाणी की खालचा डोह हिरवा आहे हे पटायला वेळ लागावा. कानसाहेबांनी सवयीने सेकंदाला किती लिटर याचा हिशोब धरला, तो चुकला, पुन्हा धरला आणि सोडून दिला. एवढं पाणी वाया जाताना बघून त्यांना आयुष्यात पहिल्यांदा बरं वाटलं.

बायको तुषारांत भिजत उभी होती. चष्मा तिने काढून हातात घेतला होता. बराच वेळ ती समोर बघत राहिली. मग वळून नवऱ्याजवळ आली, त्यांच्या डोळ्यांत बघितलं आणि बोलली. एखादं वाक्य नव्हे, चांगली चार-पाच वाक्यं बोलली. मध्ये एकदा तिचे डोळे भरून आले, मध्ये एकदा तिने बोट रोखलं, आणि शेवटी ती हसली. शेजारी उभ्या असलेल्या साडूंनी तोंडावर हात ठेवला. सकाळपासून जेमतेम एकदा हसलेल्या गाईडबाई तर हसून हसून खाली बसल्या.

कानसाहेबांनी घाईघाईने कानातला कापूस उपटला. धबधबा धाडकन आत शिरला.

"काय?" ते ओरडले. "काय म्हणालीस?"

बायकोने फक्त मान हलवली आणि पुन्हा पाण्याकडे तोंड केलं.

उतरताना त्यांनी साडूंना विचारलं. साडू म्हणाले, "मला काय माहीत, मी मलम लावत होतो," आणि पुन्हा तोंडावर हात ठेवला. गाईडबाईंना विचारलं, तर त्या म्हणाल्या, "पायाखाली बघून चाला, साहेब." बसमध्ये त्यांनी बायकोला सात वेळा विचारलं. घरी आल्यावर तर मोजणंच सोडून दिलं.

"एकदा सांगून झालंय," एवढंच ती म्हणते.

आता या गोष्टीला सहा महिने झाले. मधल्या काळात कानसाहेबांनी शहरातल्या एकतीस गळत्या शोधल्या, त्यातली एक तर दोन मजली इमारतीच्या पायाखालची. घरी मात्र रोज संध्याकाळी चहाचा कप हातात घेऊन ते बायकोसमोर कान देऊन बसतात, आणि तिथून एक थेंब गळत नाही.