बबनतात्यांचं अर्धं वाक्य

आमचे शेजारी बबनतात्या ग्रामसभेत उभे राहतात, हात जोडतात, "कुणाच्या भावना दुखवायच्या न्हाईत राव," म्हणतात आणि खाली बसतात. पुढे काही नाही. मी पिंपरी पेंढारच्या ग्रामपंचायतीत कारकून. हे इतिवृत्तात काय म्हणून लिहायचं, माझं मलाच कळत नाही.

पूर्वी हा माणूस उठला की सरपंच घड्याळ बघायचे. त्यांचं सभेतलं शेवटचं पूर्ण वाक्य मी गेल्या उन्हाळ्यात ऐकलं. "त्या लंगड्याच्या वाटंवर मुरूम टाका, पावसात त्याला चालता येत न्हाई."

लंगड्या म्हणजे त्यांचा शाळेपासूनचा दोस्त. त्याची मेंढरं दरवर्षी खतासाठी तात्यांच्या रानात बसतात. पण सभेतली तरुण मंडळी ताडकन उठली. "हा अपमान आहे! दिव्यांग म्हणा!" बरोबरच होतं त्यांचं. कुणी शूटिंग केलं, तात्यांनी माफी मागितली, दीड तास गेला. मुरूम राहिलाच.

तेव्हापासून तात्यांचा नुसता गोंधळ. "भाऊ, म्हाताऱ्याला म्हातारा म्हणलं तर चालतंय का?" असं मला विचारणार. स्वतःच्या बैलाला 'काळ्या' म्हणताना आजूबाजूला बघणार. दोस्ताला तर हाकच मारेनात. तो बांधावर आला की नुसते खोकायचे. मला हसू यायचं आणि वाईटही वाटायचं.

शेवटी एके दिवशी आम्ही ओसरीवर चहा पीत असताना दोस्तच येऊन टेकला.

"रागावला का रं माझ्यावर?"

"न्हाई. तुला त्या नावाचं वाईट वाटायचं का?"

"वाटायचं की. लई."

"मग इतकी वर्सं बोलला का न्हाईस?"

"तू तेवढा हाक मारत व्हतास. दुसरं कोण मारतंय?"

तात्या अर्धा चहा टाकून उठून गेले. तरुण मंडळी चुकली, तात्या चुकले, की आम्ही सगळेच, हे मला अजून सांगता येत नाही.

परवाच्या ग्रामसभेत तात्या पुन्हा उठले. हात जोडले. "कुणाच्या भावना..." म्हणून थांबले. मी सवयीनं पेन खाली ठेवलं.

"भिवाच्या वाटंवर मुरूम टाका."

"कोण भिवा?" गेल्या वर्षी सगळ्यांत मोठ्यानं ओरडलेल्या तरुणानं विचारलं.

मग मागे दाराशी काठी टेकून उभा असलेला म्हातारा म्हणाला, "मी हाय."

तात्या त्या दिवशी खाली बसायचं विसरले.