दामूकाकांचा बोगदा

भिवंडीतल्या टेमघरच्या आमच्या इमारतीत वीज गेली की चारही मजले मिळून वीजवाल्यांच्या नावानं बोटं मोडतात. एकच माणूस खुशीत जिना चढून गच्चीवर जातो. हातात सेलवरचा रेडिओ आणि चेहऱ्यावर वरबापाचं हसू. हे आमचे तिसऱ्या मजल्यावरचे दामूकाका. वीज गेली की आसपासच्या लूमच्या, म्हणजे यंत्रमागांच्या, मोटारी थांबतात, मग रेडिओतली खरखर कमी होते आणि लांबलांबची स्टेशनं लागतात, असं त्यांचं म्हणणं. आम्ही खाली वर्तमानपत्रानं वारा घेत असतो आणि वरून आवाज येतो, "चला, हवा साफ झाली."

काकांनी उभी हयात धामणकर नाक्याजवळच्या एका कारखान्यात जॉबर म्हणून काढली. जॉबर म्हणजे बिघडलेले लूम ठीक करणारा. त्या खडखडाटात तोंडाचं बोलणं कुणाला ऐकू जात नाही, म्हणून सगळा कारभार हातांनी चालतो. मूठ वर केली की चालू कर, पंजा दाखवला की बंद कर. ही भाषा काकांच्या अंगात इतकी मुरली आहे, की सकाळी मी लांबून हात हलवला तर ते चालता चालता जागच्या जागी उभे राहतात. मग स्वतःशीच हसून पुढे निघतात. हे कळल्यापासून मी रोज हात हलवतो. वय झालं तरी माणसाला एखादी खोड असावी.

काकांचं खरं प्रेम हवेवर. गच्चीच्या कठड्याला त्यांनी एक लोखंडी पोल नट-बोल्टनं बसवला आहे आणि त्यावर माशाच्या काट्यासारखी अँटेना. होळी उलटली की भेटेल त्याला धरून ते समजावतात.

"समुद्रावर खाली गार, दमट हवा. तिच्यावर गरम, कोरड्या हवेची गोधडी. मधी बोगदा तयार होतो. एरवी एफएमची लाट सरळ जाते नि आभाळात हरवते. बोगद्यात सापडली का मस्कतपासून थेट आपल्या गच्चीवर."

"रोज येते?"

"रोज कशी येल? बोगदा उघडायला पायजे. न्हाय उघडला तर दोष आपला न्हाय, हवेचा हाय."

हे शेवटचं वाक्य त्यांना सगळीकडे पुरतं. माझ्या बायकोचे पापड वातड झाले तेव्हाही त्यांनी तिला हेच सांगितलं. तेव्हापासून आमच्या घरात काकांना फार मान आहे.

पण एप्रिलात हा मान घसरला. क्रिकेटचा अंतिम सामना, शेवटची ओव्हर, आठ धावा हव्यात, आणि अवकाळी पाऊस कोसळला. सगळ्यांच्या टीव्हीवरचं चित्र गेलं. काका घरोघरी फिरून सांगू लागले, "वरून येणाऱ्या लाटा पाऊस खातो. पाऊस थांबला का चित्र येल." पाऊस थांबला, चित्र आलं, तेव्हा बक्षीस समारंभ चालू होता. लोकांना कारण नको होतं, ओव्हर हवी होती. पावसाला सोसायटीच्या मीटिंगला बोलावता येत नाही. म्हणून सगळं खापर काकांच्या पोलवर फुटलं. त्यांच्या काट्यानंच आपल्या टीव्हीच्या छत्र्यांच्या लाटा अडवल्या, असं ठरलं. पोल उतरवायचा ठराव झाला. सेक्रेटरी या नात्यानं ते काम माझ्याकडे आलं. खरं सांगायचं तर हात मीही वर केला होता. माझीही ओव्हर बुडाली होती.

काका मीटिंगला नव्हते. त्यांना सांगायचं जिवावर आलं होतं, म्हणून चार दिवस टाळलं. शेवटी शुक्रवारी सकाळी खिशात पाना घालून गच्चीवर गेलो. शुक्रवारी भिवंडीतले लूम बंद असतात. त्या दिवशी आमच्याकडे कावळ्यांचा आवाजसुद्धा ऐकू येतो.

काका उलट्या बादलीवर बसले होते. एका हातात पोलवरच्या अँटेनाची वायर जोडलेला रेडिओ, दुसऱ्या हातात मोबाइल, आणि रेडिओवरचं गाणं ते मोबाइलला ऐकवत होते. मोबाइलवर एक म्हातारा गृहस्थ पलंगावर पडलेला दिसत होता. मी ओळखलं. ते इक्बालभाई, काकांच्या कारखान्याचे मालक. दोन वर्षांपूर्वी मुलाकडे मस्कतला कायमचे गेले.

"अर्धांग झालाय त्याला," काका हळूच म्हणाले. "वाचा गेली. एक हात बरा हाय, पण तो पण हलवीत न्हाय. डाक्टर सांगून थकला, पोरगा थकला."

"मग हे?"

"मी सांगायचो, मस्कतचं स्टेशन माझ्या गच्चीवर लागतं. हा म्हणायचा, 'झूठ मत बोल दामू, तू कॅसेट लगाता है.' वीस वर्ष वाद चाललाय आमचा. आता त्याच्या उशाशी तेच स्टेशन लावून ठेवतात. माझ्याकडं लागलं का मी फोन करतो. बघ आता."

मोबाइलमधून तिकडच्या रेडिओचं गाणं ऐकू येत होतं. तेच गाणं, तोच अंतरा. इक्बालभाई कान देऊन ऐकत होते. मग त्यांचा हात चादरीवरून उठला आणि त्यांनी मूठ वर केली. चालू.

काकांनीही मूठ वर केली. त्यांचे डोळे भरून आले होते आणि ते त्यांनी लपवले नाहीत. "एवढ्यासाठीच हात उचलतो बघ तो," ते म्हणाले. "बोगदा बंद असला तर दिवसभर पडून राहतो." मग त्यांचं लक्ष माझ्याकडे गेलं. "तू कशाला आलास रं वर?"

"पोल ढिला झालाय का बघायला," मी म्हणालो, आणि पाना काढून चारही नट होते त्यापेक्षा घट्ट आवळले. मीटिंगमध्ये काय सांगायचं याची काळजी नव्हती. हवेच्या दोषाचं वाक्य काकांनी कधीच देऊन ठेवलं होतं.

निघताना मी मोबाइलकडे बघून सवयीनं हात हलवला. इक्बालभाईंचा चेहरा पडला. त्यांची मूठ खाली येऊ लागली.

"अरं, पंजा काय दाखवतोस त्याला," काका घाईनं म्हणाले. "बंद कर असं झालं ते. मूठ दाखव."

मी मूठ वर केली. इक्बालभाईंनी माझ्याकडे जरा रागानंच बघितलं, आणि त्यांचा हात मघापेक्षाही वर गेला.