मीनाबाईंचा विलंब माफ

उशीर दोन प्रकारचा असतो. गरिबाच्या उशिराला विलंब म्हणतात आणि त्याची माफी मागावी लागते. मालकाच्या उशिराला मुदत म्हणतात आणि ती मागितली की मिळते.

मीनाबाईला हा फरक ठाऊक नव्हता. शाहूवाडीकडून लग्न होऊन ती कोल्हापुरात आली आणि स्टीलच्या डब्यांच्या कारखान्यात पॉवर प्रेसवर लागली. सत्त्याण्णव साली प्रेस तिला न विचारता खाली आला आणि उजव्या हाताची तीन बोटं एका झाकणात जमा झाली. (ते झाकण मालकांनी माणुसकी म्हणून बाजारात पाठवलं नाही.)

मालक गणपतराव देवमाणूस. शहाळी घेऊन दवाखान्यात आले, उशाला बसले, चांगले हुंदके देऊन रडले. म्हणाले, "कोर्टकचेरी परक्यांनी करायची. तू घरचीच हायस. मी बघतो की सगळं!"

आणि त्यांनी खरोखरच बघितलं. तिला झाडलोटीला ठेवलं, दिवाळीला साडी दिली आणि कॅलेंडरवर बारीक लक्ष ठेवलं. भरपाईचा दावा लावायला कायद्यानं दिलेली दोन वर्षं संपली, त्याच आठवड्यात कारखान्यात झाडण्यासारखा कचरा उरला नसल्याचं त्यांच्या ध्यानात आलं.

मीनाबाई जिनेश वकिलाकडे गेली. पोरगा भला होता, पण अनुभवी.

"मावशी, उशीर का झाला ते लिहायला लागतंय. कारण पुरेसं पाहिजे."

"मालक थांब म्हनलं, म्हणून थांबलो की."

"विश्वास चालत नाही. कावीळ चालते."

मग त्यानं चालणारी कारणं समजावली. कावीळ सर्वोत्तम. टायफॉइड मध्यम. नातलगाचं निधनही चालतं (मात्र एकच नातलग दोनदा नको).

"मला कावीळ झालीच न्हाय."

"कागदावर व्हायची आहे."

"बोटं खरी गेल्यात. त्यास्नी खोटं कशाला चिकटवायचं?"

जिनेशनं सुस्कारा सोडला आणि खरं कारण लिहिलं. सवय नसल्यानं त्याला वेळ लागला.

आता या उशिरावर गणपतरावांनी आपलं म्हणणं दाखल करायचं होतं. त्यांचे वकील एका तारखेला लग्नात होते, एका तारखेला टायपिस्ट रजेवर होता, एकदा गणपतराव नृसिंहवाडीला दर्शनाला गेले. कामगार न्यायालयानं दर वेळी मुदत दिली. असे दोन पावसाळे उलटल्यावर म्हणणं आलं : अर्जदार बाई अत्यंत निष्काळजी असून तिला वेळेची किंमत नाही.

उलटतपासणीत मालकाच्या वकिलांनी विचारलं, "मालक थांब म्हणाले आणि तुम्ही थांबलात? एवढ्या शहाण्या बाई?"

मीनाबाईनं गणपतरावांकडे पाहिलं. ते छताच्या पंख्याकडे पाहत होते. इतक्या वर्षांत पहिल्यांदाच तिचं डोकं फिरलं.

"सायेब, ह्यो मानूस माझ्या उशाला बसून रडलाय. तुमच्या म्होरं तसा रडला असता, तर तुमीबी थांबला असता!"

कोर्टात हशा पिकला. न्यायाधीश हसले नाहीत. ज्यानं थांबवलं त्याला उशिराच्या आड लपता येणार नाही, म्हणाले आणि विलंब माफ करून टाकला.

बाहेर आल्यावर मीनाबाईनं विचारलं, "माफ? मला? मी काय केलतं?"

"मावशी, आपण जिंकलो!"

"म्हंजे भरपाई मिळाली?"

"भरपाईसाठी भांडायची परवानगी मिळाली."

मीनाबाई पायरीवर बसली आणि डोळ्यांतून पाणी येईस्तोवर हसली. मग उठून भांडायला लागली. पुढची आणखी काही वर्षं ती भांडली आणि तिला व्याजासकट भरपाईही मिळाली. एवढंच की, बँकेत तिची सही जुळेना. जुनी सही उजव्या हाताची होती. कॅशियरच्या तोंडासमोर तिनं तो हात धरला. त्यानं तो नीट पाहिला आणि सही का बदलली याचा खुलासा लेखी मागितला. तो तिनं डाव्या हातानं लिहून दिला.

हे वाचून तुम्हाला मीनाबाईबद्दल हळहळ वाटली असेल. ती जरा उशिरा वाटली, हे खरं. पण काळजी नसावी. तुमच्याकडे कारण कुणी मागणार नाही.