सासऱ्यांचा तहानलेला मासा

"मासा सांभाळायला काय अक्कल लागते, बाबा? तुम्ही बिनघोर जा!"

जावईबापूंनी छाती फुगवून सांगितलं. लग्नाला इतकी वर्षं झाली, पण सासऱ्यांनी त्यांच्या हाती कधी घराची किल्लीसुद्धा दिली नव्हती. आज चक्क लाडका समुद्री मासा हवाली करून ते गावाला निघाले होते! आता तरी शाब्बासकी मिळवायचीच, असं जावईबापूंनी मनाशी पक्कं केलं.

"टाकीतलं पाणी कमी झालं तर साधंच घाला," सासरे बजावत होते. "पाणी उडून जातं, मीठ मागे राहतं."

जावईबापू मान डोलावत होते. ऐकत होतं कोण!

सासरे गेले आणि दोन-चार दिवसांत पाणी बोटभर खाली गेलं. समुद्रातल्या माशाला अळणी कसं चालेल? त्यांनी भरपूर मीठ कालवून पाणी ओतलं. मासा जो दगडामागे जाऊन बसला, तो हलेचना! जावईबापूंनी टाकीवाल्या दुकानदाराला फोन लावला.

"अहो, मीठ वाढलं की त्याच्या अंगातलं पाणी बाहेर ओढलं जातं! तहानलाय तो!"

"पाण्यात राहून तहान?"

"मग काय तर! साधं पाणी घाला. पण बेतानं हं, फार झालं तर अंगात पाणी शिरून फुगेल!"

झालं! जावईबापूंनी पाणी घातलं आणि बायकोला हाक मारली. "अगं, हा फुगलाय का?"

"अहो, तो आधीपासूनच गोल आहे!"

तरी पुन्हा मीठ. मग पाणी. मग परत मीठ! आणि चव बघायला चमचा. बुडवला की जिभेवर, बुडवला की जिभेवर! संध्याकाळी मासा मजेत फिरायला लागला आणि जावईबापू कोचावर आडवे झाले. घशाला कोरड, पोटात मुरडा, कितीही पाणी प्यायले तरी तहान भागेना.

सकाळी सासरे आले ते थेट टाकीपाशी.

"वा! पाणी अगदी जमलंय. शाब्बास, जावईबापू!"

जावईबापूंचे डोळे भरून आले. तेवढं पाणी अजून अंगात शिल्लक होतं.

"पण मीठ मापलंत कसं?"

"चमच्यानं, बाबा. दिवसभर चाखून."

सासऱ्यांचा चेहरा पांढराफटक पडला. "टाकीतलं पाणी? दिवसभर?"

जावईबापू विरघळले. अखेर ह्यांना आपली काळजी वाटली!

"आणि तोच उष्टा चमचा परत टाकीत?" सासरे कडाडले आणि लेकीकडे वळले. "दुकानदाराला फोन लाव आधी! तुझ्या नवऱ्याचं माशाला काही बाधणार नाही ना, विचार!"