अल्बम शेवटच्या टप्प्यात आहे

लग्न ही दोन माणसांमधली गोष्ट आहे असा एक गोड गैरसमज समाजात रूढ आहे. प्रत्यक्षात लग्न होतं ते फोटोग्राफर आणि इतर सर्व यांच्यात. तो म्हणेल तेव्हा हसायचं, तो दाखवेल तिकडे बघायचं, आणि पोटात कावळे ओरडत असले तरी त्याचं 'अजून एकच' संपेपर्यंत घास हवेत धरून उभं राहायचं. इतकी आज्ञाधारक माणसं पुढे संसारात कुणाच्याच वाट्याला येत नाहीत. संध्याकाळी हा गृहस्थ सगळ्यांचे चेहरे एका काळ्या पिशवीत भरतो आणि निघून जातो.

चिमीच्या लग्नातला असाच गेला होता.

चिमी एका दंतवैद्याकडे स्वागतकक्षात बसते. डॉक्टर पडद्यामागे बिस्किटं खात असताना 'डॉक्टर आत्ताच बाहेर गेलेत' हे वाक्य चेहऱ्यावरची रेषही न हलवता म्हणणं, हे तिचं रोजचं काम. त्यामुळे एका सुताराने दुसऱ्या सुताराचा सांधा निरखावा तशी ती फोटोग्राफरची उत्तरं ऐकायची. आधी तो 'उद्या' म्हणाला. मग रंग दुरुस्त करायचे राहिले होते. मग कॉम्प्युटर बसला. मग आजी गेली. (या धंद्यात आज्यांच्या मृत्यूचं प्रमाण चिंताजनक आहे. दर अल्बममागे सव्वा आजी दगावते असा एक अंदाज आहे. अंदाज चिमीचा आहे.) त्यानंतर 'काम शेवटच्या टप्प्यात आहे' असा निरोप आला, आणि त्यानंतर फोन नुसताच वाजू लागला. शेवटचा टप्पा हा सर्व टप्प्यांत लांब असतो, हे जाणकारांना ठाऊक आहेच.

एखादीने नाद सोडला असता. पण चिमीला त्यातला एक फोटो हवाच होता. त्या लग्नात तिचे बाबा हसले होते.

बाबा म्हणजे वजनमापं तपासणारे निवृत्त निरीक्षक. सबंध नोकरीत त्यांना जगातली प्रत्येक वस्तू थोडी कमीच भरलेली आढळली, आणि त्याचा परिणाम चेहऱ्यावर कायमचा झाला. चिमीची आई गेल्यावर तर घरात हसायचं खातंच बंद पडलं. पण लग्नात जावयाचे मोठे काका आभार मानता मानता एक पाऊल मागे सरकले आणि तीन मजली केकवर बसले. तेव्हा बाबा हसले, म्हणजे चांगले खो खो हसले. सगळ्यांनी पाहिलं. चिमीने नाही. कारण त्याच क्षणी फोटोग्राफरने तिला खिडकीकडे तोंड करून स्वप्नाळू बघायला सांगितलं होतं, आणि ती बघत होती. खिडकीबाहेर एक टेम्पो उभा होता.

"दादा आणि हसला?" आत्या म्हणाली. ती त्या वेळी हात धुवायला गेली होती. "अगं, आमचा पाळणा मोडून दोघं खाली पडलो तेव्हाही तो हसला नव्हता. फोटो दाखव, मग मानेन."

शेवटी एकदा चिमीने दवाखान्याच्या फोनवरून नंबर लावला. पहिली घंटा पुरती वाजलीही नाही.

"बोला ताई, बोला! लग्न कुणाचं?"

इथे चिमीकडून ती घटना घडली, जिला शासकीय भाषेत अनवधान म्हणतात. डोक्यात रात्रंदिवस एकच माणूस होता. तोच तोंडातून बाहेर पडला.

"बाबांचं," ती म्हणाली.

अशा रीतीने शास्त्रीय सत्य हाती आलं. फोटोग्राफर हरवत नाही. तो फक्त जुन्या गिऱ्हाइकाला दिसत नाही. नव्या गिऱ्हाइकाकडे तो चहा गार व्हायच्या आत येतो, नमुन्याचा अल्बम घेऊन येतो. तेव्हा बाबांना नवरदेव करणं क्रमप्राप्तच होतं. बाबांनी सर्व ऐकून घेतलं आणि हरकत एकच नोंदवली. "नवरदेव म्हटला की नवरी लागते."

नवरी म्हणून खालच्या मजल्यावरच्या शिवणक्लासच्या बाई बोलावल्या. बाबांनी नोकरीत तपासलेल्या सर्व टेपांपैकी बिनचूक भरलेली टेप एकट्या या बाईंची होती. बाबा हे अजून अधूनमधून सांगत. बाई यायला तयार झाल्या. वर म्हणाल्या, "थोडा वेळ नवरीच व्हायचंय ना? त्यात काय, मी गुडघेदुखीचं सोंगही छान करते."

फोटोग्राफर आला. चिमीला त्याने ओळखलं नाही. तिला त्याने फक्त एक डोळा मिटून पाहिलेलं होतं. त्याने अल्बम उघडला, आणि पहिल्याच पानावर चिमी स्वप्नाळू नजरेने टेम्पोकडे बघत होती.

"आमचं सर्वोत्तम काम," तो म्हणाला. "पार्टी एकदम खूश."

"त्यांना मिळाला अल्बम?" चिमीने आवाज सांभाळत विचारलं.

"शेवटच्या टप्प्यात आहे." मग तो बाबांकडे वळला. "काका, चेहरा एवढा कडक नको. आता पुढच्या पानावर बघा, नवरीचे वडील कसे हसलेत. असं हसता आलं पाहिजे."

आणखी एकच पान उलटायचं होतं. चिमीने आयुष्यात इतका वेळ कधी तोंड बंद ठेवलं नव्हतं, आणि नेमकं तिथेच ते सुटलं.

"अहो, ती नवरी मीच!"

अल्बम मिटला. फोटोग्राफरने तिच्याकडे नीट पाहिलं, म्हणाला, "फोटोत तुम्ही फार वेगळ्या दिसता," आणि न वाजलेला फोन कानाला लावून जिना उतरून गेला. त्या दिवसापासून दवाखान्याचा नंबरही जुन्या गिऱ्हाइकांत जमा झाला.

चिमी त्या दिवशी खरंच रडली. पण फोटोग्राफरकडे लग्नाची तारीख फोनवरच नोंदवलेली होती, आणि नोंद झालेली गोष्ट बाबांनी जन्मात कधी रद्द केली नव्हती. बाईंचाही विचार झालेला होता. चहा पिताना त्यांनी डोळ्यांनीच बाबांच्या कोटाचं माप घेतलं होतं. लग्न झालं. फोटोग्राफर सगळ्यांच्या आधी हजर होता. चिमीने त्याला दारातच गाठलं.

"ताई, तुमचे आणि यांचे एकदमच देतो," तो म्हणाला. "आता जरा तिकडे खिडकीकडे बघा."

ती बघू लागली.

त्याला आता बरेच दिवस झाले. दोन्ही अल्बम यायचे आहेत. दर रविवारी सगळे बाबांकडे जेवायला जमतात. बाई वाढता वाढता बाबांची हुबेहूब नक्कल करतात, तराजूकडे संशयाने बघणारे बाबा, भाजीवाल्याला घाम फोडणारे बाबा, आणि बाबा ठसका लागेपर्यंत हसतात. डोळे पुसतात, पुन्हा हसतात. समोर चिमी मान खाली घालून फोटोग्राफरला निरोप लिहीत असते, 'निदान बाबा हसतानाचा तेवढा एक पाठवा हो.' शेजारी आत्या तिच्या फोनमध्ये डोकावून विचारते, "आला का?"

"चिमे, ऐकलंस का गं?" बाबा हसू आवरत म्हणतात.

"हं," चिमी म्हणते.

वाचकांनी चिमीला नावं ठेवायची घाई करू नये. हे वाचायला घेतल्यापासून तुमच्याशीही घरातलं कुणीतरी काहीतरी बोललं आहे आणि तुम्ही 'हं' म्हणाला आहात. काय बोललं, आठवतंय? नसेल तर जाऊन विचारा. उत्तर मिळेल, "काही नाही."