कूलरच्या ताट्या आणि मागील पगार

कामावरून काढलेल्या माणसाने उपाशी मरावे, अशी कायद्याची मुळीच इच्छा नसते. मात्र तो मेला नाही, तर कसा मेला नाही याचा खुलासा त्याने करावा लागतो. नियम रास्तच आहे. नाहीतर लोक उगाच जगत राहतील आणि वर मागील पगारही मागतील.

आमच्या अकोल्यातला शेजारी देवमन याला तेलगिरणीच्या मालकाने २००३ साली "उद्यापासून येऊ नको" असे सांगितले. (तोंडी. मालक कागद वाया घालवणारे नव्हते.) खटला अमरावतीला एकोणीस वर्षे चालला. तारखा एकशे त्रेचाळीस. एकसष्ट वेळा साहेब रजेवर, अडतीस वेळा वकील गैरहजर, एकोणतीस वेळा फाइल सापडली नाही. उरलेल्या पंधरा वेळा कामकाज झाले, म्हणजे पुढची तारीख मिळाली.

अखेर काढणे बेकायदेशीर ठरणार अशी चिन्हे दिसू लागली. मागील पगारासाठी प्रश्न एवढाच राहिला की इतकी वर्षे देवमन खरोखर रिकामा होता का. तो माझ्याकडे आला.

"काकू, तुमाले सारं आठवते. कोर्टात इतकंच सांगजा, का मी रिकामा होतो."

त्याची बायको सुंदराबाई म्हणाली, "पैसे भेटले का पयले स्लॅब टाकतो. टिनाखाली जलम गेला आमचा."

माझ्या स्मरणशक्तीचा मला अभिमान आहे. गल्लीत कोणाचे लग्न कोणत्या साली मोडले, हे लोक अजून मलाच विचारायला येतात. मी इस्त्रीचे लुगडे नेसून बसने अमरावतीला गेले.

मालकाचे वकील अतिशय नम्र होते. त्यांनी मला बसायला खुर्ची मागवली.

"आजी, उन्हाळ्यात देवमन काय करायचे?"

"उन्हाळ्यात तो रिकामा कुठला?" मी म्हटले. "अकरा घरांच्या कूलरच्या वाळ्याच्या ताट्या बदलायचा." मग मी साल धरून सांगितले : २००५ला आमची मोटर, २००९ला टाकीचे भोक, २०११ला पंप (तेव्हा त्याला शॉकही बसला होता).

"मोबदला?"

"दर वेळी चहा. आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, आमरस-पोळीचे ताट."

टंकलेखकाने 'आमरस' दोनदा विचारून घेतले. देवमन खिडकीबाहेर पाहत होता.

निकाल लागला. काढणे बेकायदेशीर, परंतु अर्जदार काही काळ लाभदायक रोजगारात असल्याने मागील पगार निम्मा. मालकांनी पेढे वाटले. सुंदराबाईने निम्म्या घरावर स्लॅब टाकला.

"काकू, थोडं इसरल्या असत्या तं काय झालं असतं?" ती म्हणाली.

"जाऊ दे," देवमन म्हणाला, "खोटं थोडीच बोलल्या त्या."

यंदा पारा पंचेचाळीसवर गेला, तेव्हा तो नेहमीप्रमाणे ताट्या बदलायला आला. मी चहा पुढे केला.

"नको, काकू. हा चहा बी कोर्टात मांडला जाईन."

मग पैसे किती द्यायचे, असे मी विचारले. एकोणीस वर्षांत पहिल्यांदाच. तो हसला. "मागचे धरून सांगू, का यंदाचेच?"

मी यंदाचेच दिले. मागील पगाराची जबाबदारी गिरणीवर आहे, काम करून घेणाऱ्या शेजारणीवर नाही. निकालपत्र मी दोनदा वाचून खात्री करून घेतली आहे. तुम्हीही निर्धास्त असा. फक्त तुमच्या कूलरच्या ताट्या यंदा कोणी बदलल्या आणि त्याला काय दिले, हे कोणी विचारले तर माझ्यासारखे सगळे आठवू नका.