खानझोडेसाहेबांची सही

आमच्या सेक्टरमध्ये कुणाला सही हवी असली की तो न्यायमूर्ती खानझोडे यांच्याकडे जातो, कारण ते कशावरही सही करतात. कुरिअरची पावती, पाण्याच्या तक्रारीचा अर्ज, कुणाच्या मुलाच्या मोडलेल्या हाताचं प्लास्टर. चष्मा शोधणं नाही, वाचणं नाही. "कुठे?" एवढंच विचारतात.

साहेब मूळचे नागपूरचे. उत्तरेतल्या या शहरात आमच्या गल्लीत मराठी घरं दोनच, त्यांचं आणि माझं. तीस वर्षं ते न्यायाधीश होते. त्यांचे निकाल उशिरा येत, पण स्वल्पविराम चुकलेला सापडत नसे, असं जुने वकील सांगतात. निवृत्तीनंतर त्यांना एका लहानशा डोंगरी राज्याचं राज्यपालपद मिळालं.

"न्यायाधीश असताना मी बोलायचो," ते सांगतात. "राज्यपाल झाल्यावर नुसती भाषणं वाचायचो. लिहिणारा दुसराच."

तिथे सहीच्या जागी सचिव पिवळी चिठ्ठी चिकटवून आणत, तिच्यावर बाण. पाच वर्षं बाण बघून सह्या केल्या की माणसाचा हात असाच सैल होणार, हे माझं निदान. विद्यापीठात चहाच्या वेळी मी ते रंगवून सांगायचो. लोक हसायचे.

मग बागेतल्या पिंपळाचं प्रकरण झालं. निम्म्या लोकांना तो तोडायचा होता, निम्म्यांना राखायचा होता. दोन अर्ज गेले आणि दोन्हींवर पहिली सही माजी राज्यपालांची. महापालिकेतून दोन्ही अर्ज परत आले. रहिवासी संघटनेचे सचिव बेदीजी मला म्हणाले, "प्रोफेसर साब, आपकी ज़ुबान के हैं, आप ही समझाओ. एक साइन वापस लें, नहीं तो छब्बीस जनवरी का झंडा इस बार कोई और फहराएगा."

साहेबांकडे आता तेवढा एकच समारंभ उरला होता. त्यासाठी ते आठ दिवस आधी बंद गळ्याचा कोट उन्हात ठेवायचे.

मी दोन्ही अर्ज घेऊन गेलो तेव्हा कोट हिरवळीवरच्या खुर्चीत बसला होता आणि साहेब शेजारच्या वेताच्या मोड्यावर. माझी आठ वर्षांची इरा बरोबर होती. तिला मराठी समजतं, उत्तर मात्र हिंदीत येतं.

"साहेब, यातली एक सही मागे घ्या. नाहीतर झेंडा जाईल."

"जाऊ द्या. बेदी फडकवेल, त्याचा आवाजही चांगला आहे."

"निदान वाचून तरी सही करत जा."

"एकदा वाचत बसलो, प्रोफेसर. म्हणून सही नाही केली."

इराच्या हिंदी कानाला सही म्हणजे बरोबर. "क्या सही नहीं किया, आजोबा?"

मी तिची चूक सुधारणार होतो. साहेबांनी हातानेच थांबवलं. "पोरगी बरोबर विचारून राहिली," ते म्हणाले.

मग त्यांनी सांगितलं. जन्मठेप झालेली एक म्हातारी होती, आजारी. मंत्रिमंडळाने तिच्या सुटकेची शिफारस केली होती. फाइलवर चिठ्ठी होती, बाण होता.

"त्या दिवशी माझ्यातला न्यायाधीश जागा झाला. एका पानावर तिचं वय सदुसष्ट, दुसऱ्यावर एकाहत्तर. मी खुलासा मागवला. दोन पानी टिपण लिहिलं. फार सुरेख उतरलं होतं ते. सचिवांना वाचूनही दाखवलं."

"मग?"

"एकोणीस दिवसांनी खुलाशासह फाइल परत आली. मी उभ्या उभ्याच सही केली. तुरुंगातून उत्तर आलं, बाई चार दिवसांपूर्वी वारली. तिची बहीण रोज फाटकाशी येऊन बसायची म्हणे."

मी हातातले अर्ज मिटले. चहाच्या टेबलावर हसलेले चेहरे मला एकेक आठवत होते.

इराला हिशेब अर्धवट राहिलेला चालत नाही. "तो सही उमर क्या थी, आजोबा? सदुसष्ट या एकाहत्तर?"

साहेबांनी खुर्चीतल्या कोटाची बाही सरळ केली.

"फाइलमध्ये लिहिलं असेल," ते म्हणाले. "मी वाचलंच नाही."